तिन्ही घरांत ‘मी’ म्हणणारी

मंगळवारी संध्याकाळी सहा वाजता ती सांगते, ‘आमचाच मार्ग खरा.’ शुक्रवारी दुपारी दीड वाजता, दुसऱ्या रस्त्यावरच्या दुसऱ्या प्रार्थनाघरात, तेवढ्याच ठामपणे सांगते, ‘आमचाच मार्ग खरा.’ रविवारी सकाळी नऊला, तिसऱ्या घरात, पुन्हा तेच. एकतीस वर्षं हे चालू आहे आणि आजवर तिला कुणी खोटारडी म्हटलेलं नाही, कारण ती दुभाषी आहे. उपदेशकाच्या डावीकडे दोन हातांवर उभी राहून, तो जे बोलतो ते ती पुढच्या बाकावरच्या, ऐकू न येणाऱ्या माणसांना खुणांनी सांगते.

या कामाचा एक नियम असा, की ‘ते म्हणतात की’ असं म्हणायचं नाही. बोलणारा ‘मी’ म्हणाला तर दुभाष्याचा हात स्वतःच्याच छातीकडे जातो. एरवी ती कोर्टात आणि इस्पितळात काम करते. कोर्टात ती ‘मी कुलूप तोडलं’ असं सांगते, आणि त्याच दुपारी इस्पितळात ‘उद्या मी तुमचं पोट उघडणार आहे’ असं. एका नवख्या वकिलाने एकदा तिच्याकडेच बोट दाखवून ‘आरोपीने आत्ताच कबूल केलं आहे’ असं म्हटलं होतं. न्यायाधीशांनाही हसू आवरलं नव्हतं.

दुसरी अडचण अशी की ही भाषा कोऱ्या चेहऱ्याने बोलता येत नाही. प्रश्न भुवयांत असतो, नकार मानेत, आणि ठामपणा जबड्यात. कागदावरचं वाचून दाखवल्यासारखं ‘आमचाच मार्ग खरा’ म्हणायची सोय नाही. जेवढ्या खात्रीने उपदेशक बोलला, तेवढी खात्री तिच्या खांद्यांत उतरावी लागते. म्हणजे आठवड्यातून तीनदा, तीन वेगवेगळ्या गोष्टींवर, तिच्या सगळ्या अंगाने विश्वास ठेवलेला असतो. प्रवचन संपलं की ती पाणी पिते आणि बसस्टॉपवर जाऊन उभी राहते.

तिचं नाव फार थोड्यांना माहीत आहे. ऐकू न येणारी माणसं एकमेकांना खुणेचं नाव देतात आणि ते बहुधा अंगावरच्या एखाद्या गोष्टीवरून पडतं. तिच्या हनुवटीवर तीळ आहे. त्या जागी दोनदा बोट टेकवलं की ती. म्हणून इथेही तिला तीळ म्हणू. वय अठ्ठावन्न. कपडे नेहमी गडद आणि बिनानक्षीचे, कारण त्यांच्यापुढे हात उठून दिसले पाहिजेत. बोटात अंगठी नाही, मनगटात काही नाही. आंघोळीनंतर सकाळी दहा मिनिटं ती बोटं कोमट पाण्यात ठेवते. तेवढेच तिचे लाड.

तिन्ही घरांतली ऐकू न येणारी माणसं एकमेकांना चांगली ओळखतात. एकाच शाळेत शिकलेली, एकाच क्लबात कॅरम खेळणारी. त्यामुळे तीळची थट्टा जोरात चालते.

‘काय गं, परवा तर आम्हीच खरे होतो,’ शुक्रवारचा एक सुतार रविवारी बसस्टॉपवर तिला गाठतो. ‘दोनच दिवसांत बदललं?’

‘आज तुम्ही बाहेर आहात,’ ती म्हणते. ‘शुक्रवारी परत या.’

‘आणि तू स्वतः कुठली?’

‘मी सुट्टीच्या दिवशी कपडे धुते.’

हे उत्तर तिने इतक्यांदा दिलं आहे की आता प्रश्न विचारणाराच तिच्या आधी कपडे पिळून दाखवतो.

पण एक गोष्ट ती थट्टेवर नेत नाही. प्रार्थनाघरात सगळ्यांची तोंडं उपदेशकाकडे असतात. तोंडांकडे तोंड करून उभे असतात फक्त दोघं: उपदेशक आणि ती. त्यातही उपदेशकाचं लक्ष पुस्तकात असतं. म्हणजे प्रार्थना करणाऱ्या माणसांचे चेहरे पाच फुटांवरून, आठवड्यातून तीन दिवस, तिन्ही घरांत पाहिलेलं या शहरात एकच माणूस आहे. प्रवचनानंतर बाकावरचे नऊ-दहा जण एकदम हातांनी प्रार्थना म्हणतात तेव्हा त्या घरातली ऐकणारी माणसंही गप्प होतात. बाह्या अंगाला घासल्याचा आवाज तेवढा येतो, आणि एखाद्या म्हाताऱ्याच्या श्वासाचा. वीस हात एकाच वेळी छातीपाशी मिटतात, वर जातात आणि उघडतात. ते पाहताना तिच्या मानेवर काटा येतो. पहिल्या दिवशी आला होता आणि अजून येतो, तिन्हीकडे. ‘कुठल्या घरी जास्त?’ असं तिला विचारलं, तर ती बराच वेळ खरोखर आठवून बघते, आणि मग मान हलवते. ‘मी मोजत नाही. मी समोर असते म्हणून मला दिसतं.’

देवासाठी त्यांची खूण एकच आहे, फार जुनी. मूठ छातीशी धरायची, कपाळापर्यंत न्यायची आणि वर सोडून द्यायची, हातात काही होतं ते उडून गेल्यासारखी. अकरा वर्षांपूर्वी एका घराला वाटलं की आपल्या देवाची खूण वेगळी हवी. मग दुसऱ्यांनाही तसंच वाटलं. समिती बसली, तिच्या चार बैठका झाल्या. तीन घरांकडून तीन खुणांची चित्रं आली. त्यांतली एक चित्रकाराच्या हातून अशी चुकली होती की ती खूण ‘डोकेदुखी’ अशीच वाचली जाई. बाकांवरच्या माणसांनी सहा आठवडे या नव्या खुणा प्रामाणिकपणे वापरल्या. पण कुणाचं मूल आजारी पडलं की हात आपोआप जुन्या खुणेवर जायचा. समितीची पाचवी बैठक झाली नाही.

हे सगळं तीळ इतकं काटेकोर का करते, त्याला एक कारण आहे. घरात ऐकू येणारी ती एकटीच होती. वडील छापखान्यात खिळे जुळवायचे, आई पाकिटं चिकटवायची, दोघांनाही ऐकू येत नव्हतं. ती दहा वर्षांची असताना डॉक्टर वडिलांसमोर तिला म्हणाले, ‘त्यांना सांग, दोन्ही फुप्फुसं गेली आहेत. चार-सहा महिने. जे काही आवरायचं असेल ते आवरून घ्या.’ तिने हातांनी सांगितलं, ‘औषध घ्या. विश्रांती घ्या. बरं वाटेल.’

वडिलांचं त्यांच्या भावाशी अकरा वर्षं बोलणं नव्हतं. ‘बरं वाटलं की जाऊन येतो,’ असं ते म्हणत राहिले, आणि पाचव्या महिन्यात गेले. आईने नंतर विचारलं, ‘डॉक्टर तेव्हा एवढंच बोलले होते?’ तिने खरं ते सांगितलं. आईने मारलं नाही, रागावलीही नाही. फक्त पुढचं वर्षभर स्वतःच्या डॉक्टरकडे जाताना शेजारणीला नेलं, कागद-पेन्सिल घेऊन.

तेव्हापासून तीळ बोलण्यातला एक शब्द गाळत नाही की पदरचा घालत नाही.

मंगळवारच्या बाकावर उजवीकडून दुसऱ्या जागी एक बाई बसतात. तयार कपड्यांच्या कारखान्यात सदतीस वर्षं काजाच्या मशीनवर होत्या, म्हणून सगळे त्यांना काजवाल्या बाई म्हणतात. वय एकाहत्तर. त्यांचा नवरा पाण्याच्या पंपांचा फिटर. त्यालाही ऐकू येत नव्हतं, पण पंपावर हात ठेवून तो बेअरिंग कुठे झिजलंय ते सांगायचा. बाई मंगळवारच्या, फिटर रविवारचा. त्रेचाळीस वर्षांच्या संसारात दोघांनी घर एकच केलं, पण देवाचं घर बदललं नाही. मात्र सोबतीला म्हणून एकमेकांकडे जायचे.

ऐकू न येणाऱ्याला एक सोय असते: डोळे मिटले की प्रवचन बंद. मंगळवारी ‘बाहेरच्यां’चा विषय निघाला की फिटर डोळे मिटून घ्यायचा. रविवारी तोच विषय उलट्या बाजूने निघाला की तो बायकोच्या डोळ्यांवर हात ठेवायचा. त्या तो हात झटकायच्या.

‘बघू दे की मला, माझ्याबद्दल काय म्हणताहेत ते!’

‘काही नाही. नेहमीचंच.’

‘मग झाकतोस कशाला?’

समोर तीळ उभी असायची, हात चालू ठेवून, ओठ घट्ट मिटून. दुभाष्याला हसायला परवानगी नाही. त्यांची एकुलती एक मुलगी, जिला ऐकूही येतं आणि खुणाही आईच्या दुधाबरोबर मिळाल्या, ती मागच्या रांगेतून हे पाहायची आणि रुमाल तोंडात कोंबायची.

फिटर गेल्या वर्षी गेला. हृदय बंद पडलं, पंपावरच. त्यानंतर तिसऱ्या आठवड्यात काजवाल्या बाई पहिल्यांदा मंगळवारी आल्या आणि आपल्या जागी बसल्या.

मंगळवारचा उपदेशक नवा होता. तरुण, उच्चार स्वच्छ, वाक्यं छोटी. कुठल्याही दुभाष्याला आवडेल असा. काजवाल्या बाईंच्या घरचं त्याला काही माहीत नव्हतं. तो म्हणाला, ‘दार एकच आहे. जे त्या दाराने आत आले नाहीत ते कितीही भले असोत, बाहेर राहिले. आणि बाहेर म्हणजे बाहेर, अंधारात.’

खुणांच्या भाषेत माणसांना हवेत जागा द्यावी लागते. ज्याच्याविषयी बोलायचं त्याला आधी कुठेतरी ठेवायचं, डावीकडे, उजवीकडे, जवळ, लांब. आणि एकदा ठेवला की पुन्हा हलवेपर्यंत तो तिथेच असतो. तीळने घर उजवीकडे उभं केलं. दार लावलं. मग डाव्या बाजूला, कमरेच्या उंचीवर, हात पूर्ण लांब करून, जे आत आले नाहीत त्यांना ठेवलं. तिथे अंधार केला. सगळं मिळून चार सेकंद.

उपदेशक पुढच्या मुद्द्यावर गेला. तिचे हातही गेले. बाकावरच्या आठ जणांची नजर हातांबरोबर सरकली. काजवाल्या बाईंची सरकली नाही. त्या डावीकडच्या त्या रिकाम्या हवेकडे बघत राहिल्या, प्रवचन संपेपर्यंत, सव्वीस मिनिटं.

पायऱ्यांवर त्यांनी तीळला थांबवलं. आधी त्या अशा वळून उभ्या राहिल्या, की तीळच्या डाव्या हाताची ती जागा दोघींच्या मध्ये यावी. बोट त्या जागेकडे केलं.

‘तो तिथे आहे?’

‘ताई, ते मी नाही म्हटलं. ते त्यांनी म्हटलं.’

‘हात तुझे होते.’

‘कामावर असताना हात माझे नसतात.’

‘आता कामावर आहेस?’

‘नाही.’

‘मग आता सांग. तुला तिन्हीकडचं माहीत आहे. दुसऱ्या कुणाला नाही. तो कुठे आहे?’

तीळने खरं उत्तर दिलं. ‘मला माहीत नाही.’

काजवाल्या बाईंनी तिच्याकडे असं पाहिलं, जसं उसवलेलं काज आल्यावर कारागिराकडे पाहतात. ‘एकतीस वर्षं सांगतेयस,’ त्या म्हणाल्या, ‘आणि माहीत नाही?’

दोन आठवड्यांनी बाईंनी ठरवलं. रविवारच्या घरात जायचं, पाहुणी म्हणून नाही, कायमचं. त्या घराचं म्हणणं होतं की आत आलेली माणसं पुढे एकत्र असतात. फिटर तिथला. म्हणजे तिथे नाव लागलं की तो जिथे असेल तिथेच जाता येईल. त्रेचाळीस वर्षं एकाच ताटावर बसलेल्या माणसाला यापेक्षा जास्त काही जाणून घ्यायचं नव्हतं.

मुलगी म्हणाली, ‘आई, एकाहत्तराव्या वर्षी घर बदलतेस. निदान गुडघ्यांना तरी विचारलंस का? तिथे दर दहा मिनिटांनी उभं राहावं लागतं.’

‘तुझे बाबा उभे राहायचे.’

‘बाबा खांबाला टेकून झोपायचे, आई.’

रविवारचे उपदेशक म्हातारे आहेत. त्यांच्या खोलीत एक टेबल, दोन खुर्च्या आणि भिंतीला लागून ठेवलेल्या मोडक्या घडीच्या खुर्च्यांचा ढीग. खिडकीच्या कडेला चष्मे तीन, त्यांतला एकही त्यांना सापडत नसतो. ते फिटरला ओळखत होते. तळघरातला पंप त्यानेच तीनदा उघडला होता. तिसरी खुर्ची ढिगातून काढून त्यांनी ती स्वतः घेतली.

‘फार काही नाही,’ ते म्हणाले, आणि तीळच्या हातांनी सांगितलं. ‘सगळ्यांसमोर एक प्रश्न विचारतो. हाच मार्ग खरा आणि बाकीचे खोटे, हे तुम्हाला मान्य आहे का. तुम्ही ‘होय’ म्हणायचं. वहीत नाव लागतं.’

काजवाल्या बाईंनी थोडा विचार केला. ‘माझे आई-वडील मंगळवारचे होते.’

‘हो.’

‘ते कुठे मग?’

म्हाताऱ्यांनी एक चष्मा उचलला आणि घातला नाही. ‘पुस्तकात जे आहे ते आहे, बाई. मी तुम्हाला गोड वाटावं म्हणून वेगळं सांगणार नाही.’

तीळने तेही सांगितलं. गोड केलं नाही.

बाहेर आल्यावर तीळ म्हणाली, ‘ताई, त्या दिवशी दुसरी दुभाषी बोलावू. शिकलेली आहे, हात स्वच्छ आहेत तिचे.’

‘नको. त्याला बाहेर तू ठेवलंस. आत तूच ने.’

‘आणि ‘होय’ म्हटल्यावर आई-वडिलांना बाहेर मलाच ठेवावं लागेल.’

बाईंनी बसचे सुटे पैसे काढले. बस आली.

त्या रविवारी प्रार्थनाघर भरलेलं होतं. सव्वातीनशे माणसं असावीत. काजवाल्या बाई पुढे उभ्या राहिल्या, निळ्या साडीत, पदर खांद्याला पिनेने घट्ट लावून, म्हणजे हात मोकळे राहतील. मंगळवारच्या बाकावरचे पाच जण मागे येऊन बसले होते, शुक्रवारचा सुतारही. ऐकू न येणाऱ्या माणसाचं बोलणं ऐकणाऱ्यांना सांगायचं असेल तेव्हा दुभाष्याने त्याच्या समोर बसायचं असतं. तीळ पहिल्या रांगेत बसली. तिच्या हातात माइक दिलेला होता.

म्हाताऱ्यांनी प्रश्न विचारला. तीळने माइक गुडघ्यावर ठेवून प्रश्न हातांनी सांगितला. मार्ग खरा, हा. बाकीचे, खोटे. मान्य?

काजवाल्या बाईंचे हात वर आले, पण ‘होय’ची मूठ झाली नाही. त्यांनी उजवीकडे एक घर उभं केलं. त्यात आई ठेवली, शेजारी वडील. मग डावीकडे दुसरं घर उभं केलं आणि त्यात फिटरला ठेवलं. घाई नव्हती. कारखान्यात कपडा मशीनखाली सरळ करून घेतात, तसं त्यांनी एकेकाला नीट बसवलं. मग बोलल्या. तीळ त्यांच्या बोटांकडे बघत होती आणि तिचा आवाज सगळ्या घरात ऐकू येत होता.

‘मंगळवारी मला सांगितलं, माझा नवरा बाहेर आहे. आज मी म्हणायचं, माझे आई-वडील बाहेर आहेत. दोन्ही मला याच हातांनी सांगितलं.’ बोट तीळकडे. तीळचा आवाज म्हणाला, ‘याच हातांनी,’ आणि सव्वातीनशे माणसांनी तिच्या हातांकडे पाहिलं. ‘मी हे हात तीस वर्षं बघतेय. ते खोटं बोलत नाहीत. दोन्हीकडे खरंच तसंच म्हणाले असणार.’

म्हातारे हलले नाहीत.

‘मी सदतीस वर्षं काजं केली. पन्नास शर्टांचा एक गठ्ठा. प्रत्येक काज बोटाने चाचपायचं आणि मग गठ्ठ्यावर आपल्या नंबरची चिठ्ठी लावायची. वरचा साहेब म्हणायचा, लाव गं, घाई आहे, माल चांगलाच आहे. असेल चांगला. पण न बघितलेल्या गठ्ठ्यावर मी माझा नंबर कधी लावला नाही. तुम्ही मला ज्याच्यावर नंबर लावायला सांगता, ते मी बघितलेलं नाही. तुम्ही बघितलं असेल तर तुम्ही लावा. मला इथे येऊ द्या. तो जिथे बसायचा तिथे बसू द्या. कुणाला खोटं म्हणायला लावू नका.’

त्यांचे हात खाली आले.

‘खरं काय,’ तीळचा आवाज म्हणाला, ‘मला माहीत नाही.’

एक खुर्ची करकरली. लोक तीळकडे बघत होते. माणसं नेहमी आवाजाकडे बघतात. तीळने डोळ्यांनीच म्हाताऱ्यांना खुणावलं, जसं ती दर वेळी नव्या माणसाला खुणावते: माझ्याकडे नाही, त्यांच्याकडे बघा. म्हातारे वळले. काजवाल्या बाईंकडे ते किती वेळ बघत होते ते नंतर कुणालाच नक्की सांगता आलं नाही. सुतार म्हणतो, पाच मिनिटं. मुलगी म्हणते, फार तर वीस सेकंद.

‘बसा,’ ते म्हणाले.

तीळने सांगितलं, बसा. काजवाल्या बाई खांबाजवळच्या जागी जाऊन बसल्या.

वहीत नाव लागलं नाही. प्रार्थना पुढे सुरू झाली. त्या दिवशी प्रवचनात ‘बाहेर’ हा विषय येणार होता, तो म्हाताऱ्यांनी घेतला नाही. विसरले की गाळला, ते त्यांनी कुणाला सांगितलेलं नाही.

सगळं आटोपल्यावर मुलीने तीळला दाराशी गाठलं.

‘मावशी, शेवटचं वाक्य आईचं नव्हतं.’

‘कुठलं?’

‘‘खरं काय, मला माहीत नाही.’ आईने हात खाली घेतले होते तेव्हा. मी बघत होते.’

तीळ पायरीवर बसली. डोळे मिटून तिने सगळं बोलणं पहिल्यापासून हातांत फिरवून पाहिलं, बोटं मांडीवर बारीक हलत होती. घर उजवीकडे. घर डावीकडे. गठ्ठा, नंबर. तो जिथे बसायचा तिथे. खोटं म्हणायला लावू नका. आणि पुढे काही नव्हतं. पुढे ती स्वतः होती.

चुकीसाठीही नियम आहे. चूक झाली तर ज्यांना चुकीचं सांगितलं त्यांना जाऊन दुरुस्त करायचं. ती उठून आत गेली. म्हातारे खोलीत अंगरख्याची घडी घालत होते.

‘शेवटचं वाक्य बाईंचं नव्हतं. त्यांच्या नावावर धरू नका.’

‘मग कुणाचं?’

‘माझं.’

त्यांनी घडी मोडली आणि पुन्हा घातली. ‘किती वर्षं झाली तुम्हाला इथे?’

‘एकतीस.’

‘पहिल्यांदाच?’

‘पहिल्यांदाच.’

‘मला ते ऐकू आलं तेव्हा,’ म्हातारे म्हणाले, ‘क्षणभर वाटलं, माझ्याच तोंडून निघालं. दचकलो. ओठांना हात लावून बघितला.’ आणि मग, तिने काही विचारायच्या आत: ‘पुढच्या रविवारी नऊलाच. उशीर करू नका.’

राहिल्या काजवाल्या बाई. त्यांच्या तोंडी न बोललेलं वाक्य घातलं गेलं होतं, आणि ते त्यांना ऐकूही आलं नव्हतं. तीळने त्यांना पायऱ्यांवर बसवून सगळं सांगितलं. कुठे त्या थांबल्या, कुठे ती थांबली नाही, आणि आवाजाने काय म्हटलं. मागचंही काही न लपवता, दहाव्या वर्षी डॉक्टरांचं बोलणं बदलून सांगितलं होतं तेसुद्धा. मग हात मांडीवर ठेवून ती वाट बघत बसली.

खुणांच्या भाषेत समोरच्याची मनगटं धरणं म्हणजे त्याचं तोंड दाबणं. भांडणात करतात, आणि ते फार वाईट समजतात. काजवाल्या बाईंनी तीळची दोन्ही मनगटं धरली आणि धरूनच ठेवली. रस्त्यावरून दोन बसगाड्या गेल्या. समोरच्या दुकानाचं शटर अर्धं वर गेलं. मुलगी शेजारी उभी होती. ती म्हणते, मी दोघींच्या चेहऱ्यांकडे बघत होते आणि मला बोलायची भीती वाटली. प्रार्थना चालू असताना आपण मध्येच दार उघडलं तर वाटते तशी.

मग बाईंनी मनगटं सोडली.

‘मंगळवारी मी जाणार आहे,’ त्या म्हणाल्या. ‘माझ्या जागी बसणार आहे. तो पोरगा परत तेच म्हणेल. म्हणू दे. तू सगळं सांगायचंस. माझ्या नवऱ्याला कुठे ठेवतो, किती लांब, किती अंधार, सगळं. माझ्याकडे बघून हात हळू करायचे नाहीत.’

‘नाही करणार.’

‘आणि मध्ये स्वतःचं घालायचं नाही.’

‘नाही.’

‘ते पायऱ्यांवर येऊन सांगायचं,’ काजवाल्या बाई म्हणाल्या. गुडघ्यांवर हात रोवून त्या उठल्या, आणि तिसरी बस येत होती तिच्याकडे मुलीला घेऊन चालू लागल्या.